गाऱ्हाण्यात खोटं चालत नाही

आमच्या घरात कुणी साधं "हो" म्हणत नसे. आईने चुलीपाशी बसून "भाताला उकळी आली काय बघ गो" अशी हाक दिली, की मी आणि धाकटा भाऊ मोहन ओटीवरून एका सुरात ओरडायचो, "व्हय म्हाराजा!" आणि जागचे हलायचो नाही. मग आई उलथनं घेऊन बाहेर यायची आणि आम्ही मागच्या दाराने पसार. हा होकार आम्हाला बाबांमुळे तोंडपाठ होता. रत्नागिरीजवळच्या पावसच्या अलीकडे, सड्यावरून म्हणजे कातळाच्या माळावरून खाली उतरणाऱ्या रस्त्याला आमचं गाव. तिथे विहीर खणायची असो, लग्नाचा मांडव घालायचा असो की कबड्डीचे सामने भरवायचे असोत, देवीपुढे गाऱ्हाणं घातल्याशिवाय काही सुरू होत नसे, आणि गाऱ्हाणं घालण्याचा मान आमच्या घराण्याचा. बाबा पुढे उभे राहून देवाला एकेक मागणं सांगणार आणि मागे हात जोडून उभा असलेला गाव प्रत्येक मागण्याला "व्हय म्हाराजा!" म्हणून साथ देणार. मागणं बिनहोकाराचं राहिलं तर अपशकुन, म्हणून तान्ही पोरं सोडून सगळे ओरडायचे. शेवटी नारळ फुटला की संपलं. त्यानंतर कुणी अवाक्षर काढायचं नाही, गुमान आपापल्या कामाला लागायचं.

एरवी बाबा आंब्याची कलमं बांधायचे. ते काम इतक्या हलक्या हाताचं, की रोपाला कळूही नये, आणि आवाज मात्र असा की घरात बोलले तरी शेजारच्या वाडीतली कुत्री उठून बसायची. सकाळी न्हाणीघरात अंगावर पाणी घेता घेता त्यांचा सराव चालायचा. "जा काय वाकडा-नाकडा असंल, ता सरळ कर रे म्हाराजा!" आतून आई म्हणायची, "आदी मोरी सरळ करा, चार दिस तुंबलीय." ती तांदळाच्या भाकऱ्या थापत असायची, त्या थापेचा ताल आणि बाबांचं मागणं असं दोन्ही मिळून आमची सकाळ व्हायची. भाकरीबरोबर कुळथाची पिठी. आजही कुठे पिठीला फोडणी पडली की मला आधी बाबांचा आवाज ऐकू येतो आणि मागाहून वास येतो.

एकदा मी त्यांना विचारलं होतं, की सगळा गाव ओरडतो, मग तुम्ही का कधी "व्हय म्हाराजा" म्हणत नाही? बाबा म्हणाले, "मागनाऱ्यानं व्हय म्हनायचा नसतो, बाय. व्हय समोरून यायला लागतो." दुसरा नियम याहून कडक होता. गाऱ्हाण्यात खोटं चालत नाही. चहा पिताना, पारावर, बाजारात बाबा भरपूर खोटं बोलायचे, त्यांनी मारलेला वाघ दर वर्षी हातभर वाढायचा. पण देवीपुढे उभे राहिले की जे आहे ते. आमच्या शेजारच्या दगडूकाकांच्या मुलाचं लग्न होतं तेव्हा काकांनी बाबांच्या कानात सांगितलं, "पोरगा मुंबईत मोटा सायेब हाय, असा घाल गाऱ्हान्यात." बाबांनी मांडवात खणखणीत आवाजात घातलं, "मुंबैच्या हापिसात सायबांला च्या देनाऱ्या ह्या पोराचा संसार सुकाचा कर रे म्हाराजा!" आणि मुलीकडच्यांसकट अख्खा मांडव ओरडला, "व्हय म्हाराजा!" संसार सुखाचा झाला, पण दगडूकाका दोन वर्षं आमच्याशी बोलत नव्हते.

मी कॅमेऱ्याच्या धंद्यात पडले ती हळदीमुळे. रत्नागिरीत एका फोटो स्टुडिओत मी फोटो कापायला आणि अल्बममध्ये चिकटवायला होते. लग्नाचं व्हिडिओ शूटिंग नवीन आलं होतं आणि आतल्या खोलीत, बायकांच्या गर्दीत, नवरीला हळद लागताना बाप्या माणसाला कुणी शिरू देईना. म्हणून मालकांनी तो जड कॅमेरा माझ्या खांद्यावर ठेवला आणि म्हणाले, "लाल दिवा लागला की हलू नको." मी हलले नाही. इतकी हलले नाही, की पहिल्याच लग्नात सगळी मंगलाष्टकं मी अंतरपाटावर धरून शूट केली. कॅसेटमध्ये वीस मिनिटं नुसतं कापड आणि मागून भटजींचा आवाज. तरी मला त्या भोकातून बघायचा नाद लागला. मग मुंबईला मावशीकडे गेले आणि ओळखीओळखीतून डिसोझासाहेब नावाच्या कॅमेरामनच्या हाताखाली लागले. काम काय, तर पेटारे उचलायचे, कॅमेऱ्यापासून नटाच्या नाकापर्यंत टेपने माप घ्यायचं, त्या मापावर भिंगाचा फोकस ठेवायचा, आणि शॉटच्या आधी पाटी आपटून सीन आणि टेकचा नंबर ओरडायचा. हल्ली माझ्या युनिटमधल्या मुली पडद्यावर बोट ठेवून फोकस करतात आणि कंबर दुखते म्हणतात. मी त्यांना काही बोलत नाही, फक्त माझ्या गुडघ्यांकडे बघते.

घरी पत्रातून मी खरं तेच लिहायचे. पण वाडीत चर्चा सुरू झाली, की तात्यांची सुलू मुंबईत बाप्यांच्या बरोबरीने हमाली करते म्हणे. बाबांना गाव तात्या म्हणे. ही हमाली बाबांच्या मनाला लागली. एके दिवशी पारावर कुणीतरी पुन्हा विषय काढला, तेव्हा ते तडकून म्हणाले, "हमाली कसली? डायरेक्टर हाय ती! अक्की कंपनी तिच्या हुकमावर चालते." बोलून बसले आणि मग वाघासारखंच ते हातभर वाढत गेलं. मला यातलं काही ठाऊक नव्हतं. आणि दैव असं, की आमच्या युनिटला समुद्रकाठचं, चिऱ्याच्या पायवाटा असलेलं गाव हवं होतं. डिसोझासाहेबांनी विचारलं, "सुलू, तुझं गाव कसं आहे?" मी मूर्खासारखी फुशारकीने म्हणाले, "एक नंबर."

ऐन आंब्याच्या दिवसांत आमच्या गाड्या गावात शिरल्या. वेशीवर ढोल-ताशे. युनिटचे दिग्दर्शक सरदेशमुख सर पुढच्या गाडीतून उतरले, हारासाठी त्यांनी सवयीने मान किंचित वाकवली, आणि दगडूकाका त्यांच्या बगलेखालून वाट काढत मागच्या टेम्पोशी आले. मी तिथे दोन्ही हातांत ट्रायपॉड धरून उभी होते. हार माझ्या गळ्यात पडला. मी तो काढून धावत जाऊन सरांच्या गळ्यात घातला. बायका एकमेकींना म्हणाल्या, "बगलास? एवडी मोटी झाली, पन नोकरांला मान देते!" सर बारीक अंगाचे, कमी बोलणारे, जरा तिरसट गृहस्थ. त्यांच्या खुर्चीवर चुकून बसलेल्या एका सहायकाला त्यांनी त्याच दिवशी घरी पाठवलेलं मी पाहिलं होतं. बाबांनी मला विहिरीमागे ओढलं आणि सगळं कबूल केलं. "चार दिस काड, बाय. आता तुज्या हातात हाय." मी विचारलं, "आणि सरांना कळलं तर? माझी नोकरी जाईल." ते म्हणाले, "गावाला कळला तर माजा नाक जाईल. दगड्या टपूनच बसलाय." नोकरी आणि नाक अशी दोन ओझी घेऊन मी कामाला लागले.

गंमत अशी, की मला काही खोटं बोलावंच लागलं नाही. माझं काम बघून गावाची खात्रीच पटत गेली. मी पेटारे उचलते, कारण एवढी किमती वस्तू डायरेक्टर दुसऱ्याच्या हाती कशी देईल? मी हिरोच्या नाकापर्यंत टेप लावते म्हटल्यावर तर शंकाच उरली नाही. हिरोचं माप घेण्याची हिंमत दुसऱ्या कुणाची आहे? आणि पाटी! मी पाटी आपटून ओरडले की सगळं युनिट चिडीचूप होतं आणि हिरो-हिरॉइन रडायला लागतात, हे गावाने डोळ्यांनी पाहिलं. सर तिकडे खुर्चीत बसून एक-दोन शब्द बोलायचे आणि चहा प्यायचे. दगडूकाकांनी दोन दिवस निरखून पाहिलं आणि सरांजवळ जाऊन समजुतीने म्हणाले, "ऱ्हावा तिच्या हाताखाली, ऱ्हावा. शिकाल हळूहळू. पन च्या जरा कमी करा." सरांना वाटलं, हे कुणी गावातले वेडसर गृहस्थ असावेत. ते "बरं" म्हणाले.

जेवणं आमच्याच पडवीत असायची. आईला बाबांनी विश्वासात घेतलं होतं की नाही, हे मला आजवर कळलेलं नाही. ती तशी बेरकी होती. पहिल्या दिवशी सुरमई होती. आईने मला आग्रहाने पाटावर बसवलं आणि मधला जाड तुकडा माझ्या ताटात घातला. मग डिसोझासाहेब, मग हिरो, मग ड्रायव्हर, आणि सगळ्यात शेवटी सरांच्या ताटात शेपटीचा, नुसत्या काट्यांचा, बोटाएवढा तुकडा. दुसऱ्या दिवशीही शेपटी. तिसऱ्या दिवशी मी माझा तुकडा हळूच सरांच्या ताटात सरकवला, तर आईने सगळ्यांदेखत तो चिमट्याने उचलून परत माझ्या ताटात ठेवला. "तू खा. हुकूम सोडून सोडून घसा सुकला असंल." सर काटे काढत शांतपणे म्हणाले, "तुमच्याकडे मुलींना फार मान आहे. चांगलं आहे." मी माझा तुकडा सोलकढीच्या अख्ख्या गडूबरोबर खाली ढकलला.

शूटिंग मात्र धड होईना. पहिल्या दिवशी सरांच्या छत्रीवर नारळ पडला, छत्री गेली, सर वाचले. दुसऱ्या दिवशी जनरेटर बंद. तिसऱ्या दिवशी हिरॉइनच्या निरोपाच्या शॉटमध्ये बाळू परटवणकरांचा रेडा येऊन असा उभा राहिला, की निरोप त्यालाच दिल्यासारखा वाटे. गावाने कारण लगेच ओळखलं. गाऱ्हाणं घातलेलं नाही! चौथा दिवस शेवटचा होता आणि त्या दिवशीच सिनेमातला मोठा प्रसंग घ्यायचा होता. हिरॉइन गाव सोडून निघते आणि सगळा गाव तिच्यामागून मुकाट्याने घाटी, म्हणजे गावाबाहेरची चढणीची पायवाट, चढतो. त्यासाठी दीड-दोनशे माणसं हवी होती. गावाने निरोप धाडला, की गाऱ्हाण्याशिवाय एकही पाय घाटीवर पडणार नाही. सर म्हणाले, "मग घाला की. अडचण काय आहे?"

अडचण बाबा होते. त्यांच्या घशाला म्हणे सूज आली होती. एप्रिलच्या उकाड्यात ते गळ्याला मफलर गुंडाळून, हळदीचं पाणी पीत, खुणांनी बोलत होते. मी त्यांना मागच्या परसात गाठलं, तर फणसावर चढून बसलेले. मी खालून ओरडले, "बाबा, तुम्ही नाही घातलंत तर शॉट होणार नाही! सगळी कंपनी हात हलवत परत जाईल!" वरून पानांतून चांगला खणखणीत आवाज आला, "आनी घातला तर काय सांगू देवीला? गाऱ्हान्यात कामाचा धनी कोन, ता नावानिशी सांगायला लागतो. तुजा नाव घेतला तर देवीपुडं खोटा. त्या बारीक मानसाचा घेतला तर गावापुडं." मला तेव्हा कुठे त्यांच्या मफलरचा उलगडा झाला. मी म्हणाले, "मग दगडूकाकांना घालू दे." बाबा तरातरा खाली उतरले. घराण्याचा मान दगड्याला द्यायचा म्हणजे नाकापेक्षा जास्त गेलं. त्यांनी मफलर सोडला, माझ्या हातात दिला आणि देवळाकडे चालू लागले. चालता चालता त्यांनी सदऱ्याची बटणं लावली, ती एक घर चुकवून. कलम बांधणारे हात असे चुकताना मी कधी पाहिले नव्हते, आणि मला रडू आलं. नोकरी गेली तरी चालेल, पण या माणसाची आज शोभा होऊ नये, असं मला अगदी आतून वाटलं.

देवळापुढे गाव जमला. सर, डिसोझासाहेब, हिरो, सगळे हात जोडून उभे. बाबांनी पानावर नारळ ठेवला आणि आवाज लावला.

"रे बा म्हाराजा! बारा वाडीच्या बारा वहिवाटी सांबाळनाऱ्या नवलाई-पावनाई, तुज्या गावात ह्ये सिनेमावाले आल्येत म्हाराजा!"

"व्हय म्हाराजा!"

"तेंच्या मशिनीला कुनाची नजर लागली असंल, परटवनकराच्या रेड्याला कुनी चाळवला असंल, ता सगळा दूर कर रे म्हाराजा!"

"व्हय म्हाराजा!"

इथे बाबा थांबले. एवढा वेळ थांबले, की दगडूकाका मान उंच करून बघू लागले. मग बाबांनी डोळे मिटले.

"तुज्यापुडं खोटा चालत नाय म्हाराजा! माजी पोरगी सुलू डायरेक्टर हाय, असा मी गावभर सांगत फिरलो, ता खोटा हाय म्हाराजा!"

आणि गाव सवयीने, एका दमात, खच्चून ओरडला, "व्हय म्हाराजा!"

ओरडून झाल्यावर मग माणसं एकमेकांच्या तोंडाकडे बघायला लागली. पण गाऱ्हाणं एकदा लागलं की मध्ये बोलता येत नाही, आणि होकार तर द्यावाच लागतो. बाबा आता सुसाट सुटले होते.

"ती पेटारे उचलते म्हाराजा!"

"व्हय म्हाराजा!"

"डायरेक्टर तो कडंचा बारीक मानूस हाय म्हाराजा!"

"व्हय म्हाराजा!"

"माज्या बायकोनं त्याला तीन दिस सुरमयची शेपटी वाडली, ती चूक पदरात घे रे म्हाराजा!"

"व्हय म्हाराजा!" यात सगळ्यात मोठा आवाज आमच्या ड्रायव्हरचा होता.

बाबांनी डोळे उघडले आणि माझ्याकडे बघितलं. त्यांचा आवाज पहिल्यांदाच खाली आला. "पन तुज्या लेकराच्या त्वांडातनं एकदा निगाला, ता आता तूच खरा करून दे रे म्हाराजा."

"व्हय म्हाराजा!" आणि नारळ फुटला.

नारळानंतर बोलायचं नसतं, म्हणून कुणीच काही बोललं नाही. दगडूकाका तर दोन वर्षांचं साठवलेलं बोलायला तोंड उघडून तसेच राहिले. फक्त सर, ज्यांना नियम ठाऊक नव्हता, माझ्याजवळ आले आणि म्हणाले, "म्हणजे त्या शेपट्या मुद्दाम होत्या?" मी मान खाली घालून "हो सर" म्हटलं. "आणि तुमच्या देवीने हे शेवटचं मागणं मंजूर केलं, तर माझं काय?" मी माझ्या पेटाऱ्यांकडे बघत राहिले, आता ते सोडून घरीच बसायचं असं मनाशी धरून. सर म्हणाले, "चल, ऊन जाईल. पाटी घे." एवढंच. त्यांचा तिरसटपणा शूटिंगपुरता होता, हे मला पुढे उमगलं.

गाव बोलल्याप्रमाणे घाटीच्या पायथ्याशी उभा राहिला. बाबाही त्यात होते, मागच्या रांगेत, एकटेच. सरांनी भोंगा तोंडाला लावला. "सगळ्यांनी हळूहळू चढायचं!" गावाने हात जोडले. "व्हय म्हाराजा!" सर दचकले. "ओरडायचं नाही! मुकाट्याने चालायचं!" "व्हय म्हाराजा!" "अ‍ॅक्शन!" "व्हय म्हाराजा!" तीन टेक असेच गेले. आवाज मागाहून भरता येतो, पण जोडलेले तीन-चारशे हात कसे पुसायचे? सर घामाघूम झाले. दगडूकाकांनीच त्यांना समजावलं, "आवो, एवड्या मोट्यानं मागताव, तर गावानं व्हय म्हनायचा नाय? मागना तसाच टांगून ठेवायचा? आमच्या गावात तसा चालत नाय." डिसोझासाहेबांनी रिळाकडे बघून सांगितलं, की आता एकाच टेकपुरती फिल्म शिल्लक आहे.

मी न राहवून म्हणाले, "सर, आधी यांचे सगळे होकार घेऊन टाकायला हवेत. मग नारळ फोडायचा. नारळ फुटला की हे बोलत नाहीत, कामाला लागतात. अ‍ॅक्शन म्हणायचंच नाही." सरांनी माझ्याकडे बघितलं, आणि भोंगा माझ्यापुढे धरला. "तुझा गाव आहे. तूच सांग. फोकस डिसोझा सांभाळेल."

मी भोंगा घेतला. पण आमच्याकडे बाईमाणसाने गाऱ्हाणं घातल्याचं कुणी ऐकलेलं नव्हतं. मी मागच्या रांगेकडे, बाबांकडे बघितलं. सगळा गाव त्यांच्याकडे वळला. बाबा म्हणाले, "घाल, बाय. खोटा तेवडा बोलू नको."

मी भोंगा खाली ठेवला. आवाज कसा लागला मला ठाऊक नाही, न्हाणीघरातला तोच सूर माझ्या तोंडून आला. "रे बा म्हाराजा! मी आजपातूर कुनाला हुकूम सोडलेला नाय म्हाराजा!" "व्हय म्हाराजा!" "हिरॉइन पुडं गेली, की गाव मागनं हळूहळू घाटी चढंल म्हाराजा!" "व्हय म्हाराजा!" "कॅमेऱ्याकडं कोनी बगनार नाय म्हाराजा!" "व्हय म्हाराजा!" "दगडूकाका हिरॉइनच्या म्होरं पळनार नाय म्हाराजा!" इथे हसू फुटलं, पण होकार आला, खुद्द काकांचासुद्धा. सगळे ओरडत होते. एक बाबा सोडून. ते ओठ घट्ट मिटून उभे होते. मी मोहनला खूण केली, त्याने चिऱ्यावर नारळ आपटला, आणि दीड-दोनशे माणसं अशी मुकी झाली की घाटीवरच्या वाळक्या पानांवर पावलं वाजलेली ऐकू आली. गाव चढला. कुणी कॅमेऱ्याकडे बघितलं नाही. सर माझ्या कानाशी कुजबुजले, "कट तूच म्हणायचं." मी "कट" म्हटलं ते इतकं हळू, की माणसं घाटी चढून पलीकडच्या वाडीत गेली आणि तिथून त्यांना बोलवून आणावं लागलं.

त्या दुपारी बांगडे होते. आईने सरांना डोक्यापासून शेपटीपर्यंत चार बांगडे वाढले आणि मला शेपटी. पुढची कित्येक वर्षं मी सरांच्या हाताखाली काढली. पेटारे सुटले, मग टेप सुटला, मग त्यांच्या खुर्चीशेजारी एक छोटं स्टूल आलं. तरी बाबांनी बाहेर कधी माझ्या कामाबद्दल शब्द काढला नाही. कुणी विचारलं तर म्हणायचे, "अर्ज दिलेला हाय. बगू." मला कधी कधी त्याचा रागही यायचा. त्या दिवशी साऱ्या गावाने मला होकार दिला आणि माझ्या बापानेच तेवढा का दिला नाही, हे मी मनात धरून ठेवलं होतं. ते मला तेव्हा कळायला हवं होतं. मी त्यांचीच मुलगी होते, मागणाऱ्याने व्हय म्हणायचा नसतो हा नियम मला लहानपणीच सांगितलेला होता, आणि त्यांचं मागणं अजून देवीपाशी पडून होतं.

मी स्वतः केलेला पहिला सिनेमा रत्नागिरीत लागला तेव्हा गाव दोन टेम्पो करून दुपारच्या खेळाला आला. बाबा तोवर पार थकले होते. मोहनने त्यांना हाताला धरून तिसऱ्या रांगेत बसवलं, एका बाजूला आई, दुसऱ्या बाजूला दगडूकाका. मी मागे दाराशी उभी होते. अंधार झाला, नावं सुरू झाली. नटांची झाली, कॅमेरामनचं झालं, आणि सगळ्यात शेवटी, एकटं, मोठ्या अक्षरांत माझं नाव आलं, वर "दिग्दर्शन". बाबांना वाचायला वेळ लागत असे. नाव पडद्यावरून जायला आलं, तेव्हा तिसऱ्या रांगेतून, सगळा जीव एकवटून, एक म्हातारा आवाज आला.

"व्हय म्हाराजा!"